ॲक्टियमची लढाई: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

ही लढाई कधी आणि कुठे झाली?

२ सप्टेंबर, इ.स.पू. ३१. ग्रीसच्या पश्चिम किनाऱ्यावर अम्ब्रेशियाचं आखात आहे. आतून ऐसपैस, पण तोंड इतकं चिंचोळं की रुंदी एक किलोमीटरही भरत नाही. या तोंडाच्या दक्षिणेला जमिनीची जीभ पुढे आलेली आहे, तिचं नाव ॲक्टियम. तिथे अपोलोचं जुनं देऊळ होतं. लढाई झाली ती तोंडाबाहेर, उघड्या समुद्रात. आत आखात, मध्ये चिंचोळी वाट, बाहेर समुद्र एवढा नकाशा डोळ्यांसमोर असू द्या. पुढचं बरंचसं त्यावरूनच उलगडतं.

कोण कोणाविरुद्ध लढलं?

एका बाजूला ऑक्टेव्हियन. ज्युलियस सीझरच्या बहिणीचा हा नातू, सीझरने मृत्युपत्रात दत्तक घेतलेला. लढाईच्या दिवशी तो ३१ वर्षांचा होता. त्याचं आरमार होतं मार्कस अग्रिप्पाच्या हातात. ही लढाई खऱ्या अर्थाने अग्रिप्पाने जिंकली, हे सुरुवातीलाच सांगितलेलं बरं.

दुसऱ्या बाजूला मार्क अँटनी, सीझरचा जुना सेनानी, पन्नाशी ओलांडलेला. त्याच्यासोबत इजिप्तची राणी सातवी क्लिओपात्रा, स्वतःच्या ६० जहाजांसह.

अँटनी आणि ऑक्टेव्हियन तर एकाच बाजूचे होते ना? मग बिनसलं कशावरून?

इ.स.पू. ४४ मध्ये सीझरचा खून झाला. पुढच्या वर्षी अँटनी, ऑक्टेव्हियन आणि लेपिडस या तिघांनी मिळून सत्ता हातात घेतली. ४२ मध्ये फिलिपीला सीझरचे मारेकरी ब्रूटस आणि कॅसियस यांचा पाडाव झाला आणि रोमन जगाची वाटणी झाली: पश्चिम ऑक्टेव्हियनकडे, पूर्व अँटनीकडे. संबंध टिकावेत म्हणून ४० साली ऑक्टेव्हियनने आपली बहीण ऑक्टेव्हिया अँटनीला दिली.

इ.स.पू. ३६ हे वर्ष निर्णायक ठरलं. त्या वर्षी अग्रिप्पाने सिसिलीजवळ नौलोकसच्या लढाईत सेक्स्टस पाँपेचं आरमार बुडवलं. मागोमाग लेपिडसलाही बाजूला सारण्यात आलं, आणि पश्चिमेत ऑक्टेव्हियनला कोणी प्रतिस्पर्धी उरला नाही. त्याच वर्षी अँटनी पार्थियावर चालून गेला आणि हजारो माणसं गमावून परतला. एकाची कमान चढती, दुसऱ्याची उतरती.

पण खरी ठिणगी पडली ३४ साली अलेक्झांड्रियात. अँटनीने मोठा समारंभ करून क्लिओपात्राच्या मुलांना पूर्वेकडचे प्रदेश जाहीर केले आणि तिच्या थोरल्या मुलाला, सीझेरियनला, ज्युलियस सीझरचा खरा मुलगा म्हणून पुढे आणलं. ऑक्टेव्हियनकडे सगळ्यात मोठं भांडवल कोणतं होतं? ‘मी सीझरचा मुलगा’ हेच. दत्तकाच्या समोर औरस वारस उभा राहिला तर काय होतं, हे आपल्याकडच्या घरांतही ठाऊक आहे. प्रदेशांच्या वाटपापेक्षा हा घाव खोल होता, असं माझं मत आहे.

अँटनीच्या मृत्युपत्राचं प्रकरण काय होतं?

इ.स.पू. ३२ मध्ये अँटनीने ऑक्टेव्हियाला घटस्फोट दिला. त्याच सुमारास प्लँकस आणि टिटियस हे त्याचे दोन जवळचे लोक फुटून रोमला आले. त्यांनी ऑक्टेव्हियनला सांगितलं की अँटनीचं मृत्युपत्र वेस्टा देवीच्या पुजारणींकडे ठेवलेलं आहे. पुजारणींनी ते द्यायला नकार दिला. हवं असेल तर स्वतः येऊन न्या, म्हणाल्या. ऑक्टेव्हियन गेला, ते उचललं, त्यातले हवे तेवढे उतारे निवडले आणि सिनेटमध्ये वाचून दाखवले. लोकांना सगळ्यात जास्त झोंबलं ते हे: मला मरण रोममध्ये आलं तरी माझा देह अलेक्झांड्रियाला क्लिओपात्राकडे पाठवा.

जिवंत माणसाने मेल्यानंतर काय व्हावं म्हणून लिहिलेलं, त्याचा जाब त्याला आजच विचारायचा हे काही बरं नव्हे, असं अनेक सिनेटरांनाही वाटलं, असं ग्रीक चरित्रकार प्लुटार्कने नोंदवलंय. पण तोवर बोभाटा झाला होता.

यादवी होती, मग युद्ध फक्त क्लिओपात्राविरुद्ध का पुकारलं?

कारण यादवीला रोमन माणूस कंटाळला होता. रोमन रोमनाचं रक्त सांडणार, असं कोणी मोठ्याने म्हणायला तयार नव्हतं. म्हणून ऑक्टेव्हियनने बेलोना देवीच्या देवळासमोर परकीय शत्रूसाठीचा जुना विधी केला आणि युद्ध पुकारलं ते एका परदेशी राणीशी. अँटनीचं नाव त्यात घेतलंच नाही. तो तिच्या बाजूने उभा राहिला की आपोआपच देशाचा शत्रू ठरणार होता. पण त्या वर्षीचे दोन्ही कॉन्सल, म्हणजे रोमचे सर्वोच्च अधिकारी, डोमिशियस अहेनोबार्बस आणि सोसियस, रोम सोडून अँटनीकडे गेले आणि त्यांच्यामागून सिनेटरांची मोठी रांग गेली. दोन्ही बाजूंना रोमनच होते. ही यादवीच होती.

जहाजं किती होती?

प्लुटार्कच्या मते अँटनीने मोहिमेला निघताना किमान ५०० लढाऊ जहाजं जमवली होती आणि ऑक्टेव्हियनकडे २५० होती. पण हा मोहिमेच्या सुरुवातीचा हिशेब. लढाईच्या दिवशी अँटनीकडे क्लिओपात्राची ६० धरून सुमारे २३० जहाजं उरली होती आणि ऑक्टेव्हियनकडे जवळपास ४००, हे आकडे अभ्यासक जास्त धरतात. मग बाकीची जहाजं गेली कुठे? या प्रश्नाच्या उत्तरातच सगळी लढाई आहे.

बरं, मग गेली कुठे?

काही अग्रिप्पाने उन्हाळ्यात पकडली. आणि बरीचशी खुद्द अँटनीनेच जाळली, कारण ती वल्हवायला माणसं नव्हती.

लढाईचा दिवस म्हटलं की लोकांना सप्टेंबरची ती दुपार आठवते. माझ्या मते निकाल त्याआधीच्या चार-पाच महिन्यांत लागला होता, आणि तो लागला धान्यावर.

अँटनीचं आरमार हिवाळ्यापासून आखातात नांगरून होतं. एवढ्या माणसांचं अन्न इजिप्तमधून यायचं. गलबतं ग्रीसच्या दक्षिण टोकाला वळसा घालून पश्चिम किनाऱ्याने वर यायची, आणि त्या वाटेवर ठिकठिकाणी अँटनीची ठाणी होती. वसंत ऋतू लागताच अग्रिप्पाने कोणाला अपेक्षा नव्हती तिथे झडप घातली. दक्षिणेतलं मेथोनी त्याने घेतलं. तिथे अँटनीच्या बाजूने लढणारा मॉरिटेनियाचा राजा बोगुड मारला गेला. अँटनीची नजर दक्षिणेकडे वळली तेवढ्यात ऑक्टेव्हियन इटलीतून सैन्य उतरवून आखाताच्या उत्तरेच्या टेकडीवर तळ देऊन बसला. त्यानंतर अग्रिप्पाने ल्यूकास बेट घेतलं. ते तर आखाताच्या तोंडाशीच. मग पात्रास, मग कॉरिंथ. धान्याची वाट एकेका गाठीला आवळत गेली.

आत अडकलेल्यांचे हाल सुरू झाले. तळ सखल, दलदलीच्या जमिनीवर. उन्हाळा चढला तशी तापाची आणि हगवणीची साथ पसरली. वल्हेकरी मरू लागले, पळू लागले. जहाजांचे कप्तान ग्रीसभर हिंडून वाटसरू, खेचरवाले, कापणीचे मजूर, मिसरूड न फुटलेली पोरं, जे सापडतील त्यांना वल्ह्यांवर बसवू लागले.

प्लुटार्क या लढाईनंतर शंभरएक वर्षांनी लिहीत होता, पण एक गोष्ट त्याच्या घरातच सांगितली जायची. त्याचे पणजोबा निकार्कस केरोनिया गावचे. अँटनीच्या माणसांनी त्या गावातल्या सगळ्या नागरिकांना वेठीला धरलं. प्रत्येकाच्या खांद्यावर मापाने भरलेला गहू, आणि खाली अँटिकिराच्या समुद्रापर्यंत पायपीट. मंदावला की पाठीवर चाबूक. एक खेप झाली. दुसरी मापून झाली, आता उचलायची, तेवढ्यात बातमी आली की अँटनी हरला. त्याचे कारभारी आणि शिपाई पळाले, आणि गावकऱ्यांनी तो गहू आपसांत वाटून घेतला. ॲक्टियमबद्दल जे काही लिहिलं गेलंय त्यात मला ही गोष्ट सगळ्यात मोलाची वाटते. ज्या धान्यावर युद्धाचा निकाल लागला ते कोणाच्या खांद्यावरून येत होतं, हे एवढं जवळून दुसरीकडे कुठे दिसत नाही.

अँटनीचे लोक फुटले होते का?

हो, आणि मोठे लोक फुटले. अहेनोबार्बस आधीच तापाने आजारी होता. एका लहान होडीतून तो पलीकडे गेला. अँटनी दुखावला, तरी त्याने त्याचं सामान, नोकर आणि मित्र मागाहून पाठवून दिले. थोड्याच दिवसांत अहेनोबार्बस वारला. गलेशियाचा राजा अमिंटास आपले २,००० घोडेस्वार घेऊन गेला. शेवटी अँटनीचा जवळचा माणूस डेलियस गेला आणि जाताना अँटनीचे बेतही घेऊन गेला. म्हणजे लढाईच्या दिवशी अँटनी काय करणार याची अग्रिप्पाला बरीच कल्पना होती.

अँटनीच्या सर्वांत मोठ्या जहाजांना ‘दहा’ म्हणतात, म्हणजे वल्ह्यांचे दहा मजले का?

नाही. हा गैरसमज फार रुजलेला आहे. प्राचीन भूमध्य समुद्रातल्या जहाजांवर वल्ह्यांचे तीनच्या वर मजले नसत. ‘तीन’, ‘पाच’, ‘दहा’ हे आकडे वल्हेकऱ्यांचे: वरपासून खालपर्यंतच्या एका गटात माणसं किती, ते. मोठ्या जहाजांत एकेका वल्ह्यावर अनेक जण बसत. अँटनीकडे ‘दहा’पर्यंतची जहाजं होती. उंच, जड, नाळेवर काशाचा मोठा सोंडा, वर लाकडी बुरूज. ऑक्टेव्हियनची जहाजं सरासरीने लहान आणि चपळ, शिवाय त्यांच्यावर नौलोकसच्या लढाईत तयार झालेले खलाशी.

लढाईच्या दिवशी काय घडलं?

आधीचे चार दिवस समुद्र खवळलेला होता. पाचव्या दिवशी निवळला. अँटनीने २०,००० पायदळ आणि २,००० तिरंदाज जहाजांवर चढवले. अंगभर जखमांचे व्रण असलेला एक जुना शिपाई तेव्हा त्याला म्हणाला, अशी आठवण प्लुटार्क देतो: या जखमांवर आणि या तलवारीवर तुमचा भरवसा नाही का, की लाकडाच्या ओंडक्यांवर आशा ठेवता? समुद्रावर लढू द्या इजिप्तच्या आणि फिनिशियाच्या लोकांना. आम्हाला जमीन द्या, तिथे आम्ही मरतो नाहीतर मारतो. अँटनी काहीच बोलला नाही. हातानेच धीर धरायची खूण करून पुढे गेला.

सकाळी अँटनीची जहाजं तोंडाशी रांग धरून उभी राहिली. उजव्या टोकाला तो स्वतः आणि पब्लिकोला, डावीकडे सोसियस, मागे क्लिओपात्रा. समोर उत्तरेच्या टोकाला अग्रिप्पा, मध्ये अरुंशियस, दक्षिणेच्या टोकाला ऑक्टेव्हियन. दुपारपर्यंत कोणीच हललं नाही. अँटनीच्या जड जहाजांना चिंचोळ्या जागेचा आधार होता, अग्रिप्पाला उघडं पाणी हवं होतं. दुपारी समुद्राकडून वारा सुटला आणि अँटनीची डावी फळी पुढे सरकली. हे पाहून ऑक्टेव्हियनच्या जहाजांनी वल्ही उलटी मारत माघार घेतली, शत्रूला आणखी बाहेर ओढण्यासाठी.

मग गाठ पडली. पण सोंड्याने धडक मारण्याची लढाई झालीच नाही. अँटनीच्या जहाजांना धडकेपुरता वेग घेता येईना, आणि त्यांच्या काशाच्या सोंड्यांवर स्वतःहून जाऊन आदळायचं धाडस ऑक्टेव्हियनची जहाजं करीनात. एकेका मोठ्या जहाजाभोवती तीन-तीन, चार-चार लहान जहाजं गोळा झाली. बुरुजांवरून बाण आणि दगड, खालून भाले आणि पेटते बोळे. समुद्रावर किल्ल्याला वेढा पडावा तसं दृश्य होतं. उत्तरेला अग्रिप्पाने आपली रांग लांबवत नेली, तशी त्याला अडवायला पब्लिकोलालाही आपली रांग ताणावी लागली. मध्ये फट पडली.

त्या फटीतून क्लिओपात्राची ६० जहाजं शिडं उभारून निघून गेली.

क्लिओपात्रा घाबरून पळाली आणि अँटनी प्रेमापायी तिच्यामागे गेला, हे खरं ना?

हा प्रश्न सर्वांत जास्त विचारला जातो. माझं उत्तर ‘नाही’ असंच आहे, आणि त्याचा पुरावा आहे शिडांचा.

त्या काळात लढाईला निघताना शिडं आणि मोठ्या डोलकाठ्या किनाऱ्यावर ठेवून जायची पद्धत होती. लढाई वल्ह्यांवर चाले. शिडं म्हणजे फुकटचं ओझं आणि आगीला आमंत्रण. अँटनीने मात्र शिडं चढवायला लावली. सुकाणूवाल्यांनी नाराजी दाखवली तेव्हा तो म्हणाला, शत्रूचं एकही जहाज निसटू नये, पाठलाग करता यावा म्हणून घ्यायची. पाठलागाचं कारण खलाशांसाठी ठीक होतं. पण उपाशी, आजारी, संख्येने निम्म्यावर आलेलं आरमार शिडं घेऊन निघतं ते वेढा फोडून बाहेर पडायला. क्लिओपात्राच्या जहाजांवर मोहिमेचा खजिनाही होता. खजिना वाचवायचा, जमतील तेवढी जहाजं बाहेर काढायची, इजिप्त गाठायचं आणि पुन्हा उभं राहायचं, असा तो बेत होता. शत्रूच्या रांगेला फट पडणं आणि वारा अनुकूल होणं हे दोन्ही एकाच वेळी साधून ६० जहाजं बाहेर काढणं हे घाबरलेल्या बाईचं काम नव्हे.

अँटनी आपल्या मोठ्या जहाजावरून उतरून एका हलक्या जहाजात बसला आणि तिच्या मागे निघाला. त्याचं चुकलं ते इथे. बाकीची जहाजं शत्रूत गुंतून पडलेली, त्यांना सोडवता येईना, आणि सेनापती निघून गेला. बेत अर्धाच साधला. तिच्या जहाजावर चढल्यावर तो नाळेशी जाऊन डोकं दोन्ही हातांत धरून एकटाच बसला. तीन दिवस कोणाशी बोलला नाही, ग्रीसच्या दक्षिण टोकाचं टायनारम येईपर्यंत. प्रेमात वेडा झालेला माणूस इतका जवळ येऊन तीन दिवस तोंड फिरवून बसत नाही. सगळं गमावल्याचं कळलेला सेनापती बसतो.

वाऱ्याचा एवढा काय संबंध?

फार मोठा. कोकण किनाऱ्यावर राहिलेल्याला खारे वारे समजावून सांगावे लागत नाहीत. ऊन चढलं की जमीन तापते आणि दुपारी समुद्राकडून वारा आत येतो. ॲक्टियमलाही उन्हाळ्यात रोज तेच होतं. शिवाय तिथला वारा दुपार सरकते तसा वायव्येकडे फिरतो. दक्षिणेला इजिप्तकडे जायचं तर ल्यूकास बेटाला बाहेरून वळसा घालायला हवा, आणि तो वायव्येच्या वाऱ्यावरच जमतो. म्हणून सकाळभर थांबणं, दुपारी पुढे सरकणं, समुद्रात शक्य तितकं बाहेर जाऊन मग शिडं उभारणं. वेळापत्रक वाऱ्याचं होतं. जहाजं शिडावर सुटल्यानंतर वल्ह्यांवरच्या शत्रूला ती गाठणं अशक्यच.

किती माणसं मेली?

५,००० पेक्षा जास्त नाही, असं प्लुटार्क म्हणतो. मागे राहिलेले मात्र चिवटपणे लढले. सेनापती गेलाय यावर बऱ्याच जणांचा विश्वासच बसत नव्हता. झुंज इतकी लांबली की ऑक्टेव्हियनला ती रात्र जहाजावरच काढावी लागली.

किनाऱ्यावरच्या सैन्याचं काय झालं?

१९ लिजन, म्हणजे रोमन पायदळाच्या मोठ्या तुकड्या, जशाच्या तशा उभ्या होत्या. त्यांनी सात दिवस वाट पाहिली, अँटनी कुठूनतरी उगवेल म्हणून. मग त्यांचा सेनानी कॅनिडियस रात्रीतून निघून गेला आणि सैन्याने ऑक्टेव्हियनशी बोलणी करून शस्त्रं ठेवली. या सात दिवसांकडे कोणी फारसं पाहत नाही, पण ॲक्टियम निर्णायक ठरली ती खरं तर त्या आठवड्यात. अँटनीचं पायदळ न लढता गेलं.

एका माशाने अँटनीचं जहाज अडवलं होतं म्हणतात?

रोमन लेखक प्लिनीने ते लिहिलंय. जहाजाला चिकटणाऱ्या रेमोरा माशाने अँटनीचं जहाज धरून ठेवलं म्हणे. मासा खरा, चिकटतोही खरा, पण जहाज थांबवण्याएवढी ताकद त्याच्यात नाही.

आणि गाढवाची गोष्ट?

ती मला फार आवडते. लढाईच्या दिवशी ऑक्टेव्हियन जहाजांकडे निघाला असता त्याला एक माणूस गाढव हाकत येताना भेटला. नाव विचारलं. ‘माझं नाव युटिकस, गाढवाचं निकॉन.’ युटिकस म्हणजे नशीबवान, निकॉन म्हणजे विजयी. पुढे ऑक्टेव्हियनने तिथे त्या माणसाचा आणि गाढवाचा काशाचा पुतळा उभारला. तो शतकांनंतर कॉन्स्टँटिनोपलला नेला गेला आणि १२०४ मध्ये शहर लुटणाऱ्या क्रूसेडरांनी इतर पुतळ्यांबरोबर वितळवून टाकला.

आपल्याला हे सगळं कोणाकडून कळतं? विश्वास कितपत ठेवायचा?

जवळपास सगळं जिंकलेल्या बाजूच्या सावलीत लिहिलेलं. ऑक्टेव्हियनने स्वतःच्या आठवणी लिहिल्या होत्या आणि नंतरच्यांनी त्यांचा आधार घेतला. कवी होरेसचं काव्य तर तेव्हाच आलं. क्लिओपात्राचं जेमतेम एक जहाज आगीतून वाचलं, असं तो म्हणतो. प्रत्यक्षात ६० निसटली होती. अँटनीचं तर त्या कवितेत नावही नाही. कवी व्हर्जिलने आपल्या महाकाव्यातल्या नायकाच्या ढालीवर ही लढाई कोरली: एका बाजूला ऑक्टेव्हियन, इटली आणि रोमचे देव, दुसऱ्या बाजूला पूर्वेचं सैन्य, परदेशी बायको आणि कुत्र्याच्या तोंडाचा अनुबिस. अँटनीच्या बाजूला असलेले शेकडो रोमन त्या ढालीवर दिसत नाहीत.

त्या काळचा सामान्य माणूस कसा वागत होता, त्याची एक गोष्ट रोमन लेखक मॅक्रोबियसने सांगितलीय. ऑक्टेव्हियन विजय मिळवून परतला तेव्हा एक कारागीर पढवलेला डोमकावळा घेऊन समोर आला. पक्षी म्हणाला, ‘विजयी सेनापती सीझरचा जय!’ ऑक्टेव्हियनने तो २०,००० सेस्टर्सला विकत घेतला. कारागिराच्या भागीदाराला वाटा मिळाला नाही, तेव्हा त्याने चुगली केली: याच्याकडे आणखी एक पक्षी आहे. तो आणवला. तो म्हणाला, ‘विजयी सेनापती अँटनीचा जय!’ ऑक्टेव्हियन रागावला नाही. बक्षिसाची रक्कम दोघांत वाटून घ्या, एवढंच म्हणाला.

पुढे काय झालं?

जवळपास वर्षभराने, १ ऑगस्ट इ.स.पू. ३० रोजी अलेक्झांड्रिया पडलं. अँटनीने आत्महत्या केली, काही दिवसांनी क्लिओपात्रानेही. इजिप्त ऑक्टेव्हियनच्या ताब्यात गेला. इ.स.पू. २७ मध्ये त्याला ‘ऑगस्टस’ ही पदवी मिळाली. आपल्या भिंतीवरच्या कॅलेंडरात जो ऑगस्ट महिना आहे, तो याच्याच नावाचा. तो त्याच्या जन्माचा महिना नव्हे. तो तर सप्टेंबरात जन्मला होता. अलेक्झांड्रिया याच महिन्यात पडलं, म्हणून हा महिना निवडला गेला.

इतिहासकार डिओ ऑगस्टसची कारकीर्द मोजतो ती पदवी मिळाल्यापासून नव्हे, ॲक्टियमच्या दिवसापासून. इजिप्तचा खजिना रोमला आल्यावर तिथला व्याजदर १२ टक्क्यांवरून ४ टक्क्यांवर आला, हेही त्यानेच नोंदवलंय. सैनिकांना जमिनी मिळाल्या. इटलीत एस्ते इथे अकराव्या लिजनच्या एका शिपायाचा शिलालेख सापडलाय, मार्कस बिलिएनस त्याचं नाव. त्याने पुढे आडनावासारखं जोडून घेतलं होतं: ‘ॲक्टियाकस’, ॲक्टियमवाला.

या लढाईचा भारताशी, महाराष्ट्राशी काही संबंध आहे का?

आहे, आणि ओढूनताणून आणलेला नाही.

ॲक्टियमनंतर क्लिओपात्राने आपली जहाजं तांबड्या समुद्रात उतरवून पूर्वेकडे निघून जायचा घाट घातला होता. पेट्राच्या अरबांनी ती जहाजं जाळली. मग तिने सीझेरियनला मोठा खजिना देऊन इथिओपियामार्गे भारताकडे रवाना केलं. हे प्लुटार्कने स्पष्ट लिहिलंय. मुलगा सतराच्या आतबाहेर. वाटेत त्याचा शिक्षक रोडॉन याने त्याला परत फिरवलं: ऑक्टेव्हियन तुला राज्य देणार आहे म्हणून. तो फिरला आणि मारला गेला. ज्युलियस सीझरचा मुलगा आपल्या किनाऱ्याच्या दिशेने निघाला होता, एवढं वाचलं तरी मी काही क्षण थांबतो.

दुसरा संबंध व्यापाराचा. इजिप्त रोमकडे गेल्यावर काही वर्षांतच ग्रीक भूगोलकार स्ट्रॅबोने लिहिलं की तांबड्या समुद्रावरच्या मायोस हॉर्मोस बंदरातून १२० जहाजं भारताकडे जातात. पूर्वी फार थोडी जायची. पुढे पहिल्या शतकात इजिप्तमधल्या एका ग्रीक व्यापाऱ्याने प्रवासवर्णन लिहिलं, त्यात कल्याण आहे, चौल आहे. भडोचपासून वीस दिवसांच्या वाटेवर पैठण आणि तिथून दहा दिवसांवर तगर, म्हणजे आपलं तेर, हेही आहे. पैठणहून मौल्यवान खडे आणि तगरहून कापड गाड्यांनी बंदरावर जायचं. कोल्हापूरला ब्रह्मपुरीच्या टेकडीवर पोसायडन या ग्रीक सागरदेवाची काशाची छोटी मूर्ती सापडली. ती तिथल्या टाउन हॉल संग्रहालयात आहे. कोल्हापूरला गेलात तर नक्की पाहा.

आज तिथे काय दिसतं?

ॲक्टियमच्या जिभेवर विमानतळ आहे आणि समोर प्रेवेझा शहर. दोन्हींना जोडणारा बोगदा २००२ मध्ये आखाताच्या तोंडाखालून काढला गेला, म्हणजे अँटनीची जहाजं जिथून बाहेर पडली त्या पाण्याखालून आता गाड्या जातात. उत्तरेला काही किलोमीटरवर निकोपोलिस, ‘विजयाचं नगर’. ऑक्टेव्हियनने आजूबाजूच्या गावांतली माणसं आणून वसवलेलं हे शहर आता अवशेषांत आहे.

त्याच्या वरच्या टेकडीवर, जिथे ऑक्टेव्हियनचा तंबू होता, विजयस्मारकाची दगडी भिंत उभी आहे. अँटनीच्या जहाजांच्या नाळेवरचे काशाचे सोंडे कापून या भिंतीत बसवले होते, पस्तीसच्या आसपास. प्रत्येक सोंड्याची मागची बाजू मापून दगडात तेवढीच खाच कोरली, कारण दोन जहाजांचे सोंडे सारखे नव्हते. सोंडे कधीच वितळवले गेले. खाचा राहिल्या आहेत, लहानमोठ्या, ओळीने. कोणत्या जहाजाचा सोंडा किती मोठा होता, हे आज अभ्यासक त्या रिकाम्या खाचांवरून मोजतात.